विहिरीतला काळा पाषाण

उन्हाळ्यात विहिरीचे पाणी तळाला गेले म्हणजे मोठ्या माणसाला सोबत घेऊन, कठड्याला धरून आत नीट निरखून पाहा. वर मातीचा थर, त्याखाली पिवळसर तपकिरी मुरूम, त्याखाली गोलसर धोंडे आणि अगदी खाली काळा कातळ दिसेल. हे चार वेगळे पदार्थ वाटतात. परंतु बहुतेक ठिकाणी ती एकाच खडकाची चार रूपे असतात. हा खडक म्हणजे बेसाल्ट, आपल्या बोलीतला काळा पाषाण. महाराष्ट्राचा सुमारे चार पंचमांश भाग त्याने व्यापला आहे. एका विहिरीला बारमाही पाणी आणि शेजारची मार्चमध्येच कोरडी, असे का होते? या कोड्याचे उत्तर पुष्कळदा या खडकाच्या जन्मात आणि पुढच्या आयुष्यात सापडते.

खडकाचा जन्म

सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी आपल्या भागात भूपृष्ठाला पडलेल्या लांबच लांब भेगांमधून तप्त शिलारस बाहेर पडला. त्याचे तापमान ११०० ते १२०० अंश सेल्सिअस असावे. तो पातळ असल्यामुळे पुरासारखा दूरवर पसरला आणि थिजला. काही काळाने त्यावर दुसरा थर आला, मग तिसरा. असे अनेक थर एकावर एक साचले. आज उरलेल्या थरांनी सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापला आहे. सह्याद्रीच्या कड्यांवर दिसणाऱ्या पायऱ्या म्हणजे हेच थर. १६४६ मीटर उंचीचे कळसूबाई शिखरही त्यांचेच बनलेले आहे.

साखरेचा पाक सावकाश निवू दिला तर खडीसाखरेचे मोठे खडे तयार होतात. झटकन निववला तर काचेसारखी गोळी बनते. शिलारसाचेही तसेच आहे. जमिनीखाली खोलवर तो अतिशय सावकाश निवतो, म्हणून ग्रॅनाइटमधील स्फटिक डोळ्यांना सहज दिसतात. बेसाल्ट मात्र पृष्ठभागावर लवकर निवला. त्यामुळे त्यातील फेल्स्पार, पायरॉक्सिन आणि लोहयुक्त खनिजांचे कण इतके बारीक राहिले की ते पाहायला भिंग लागते. लोह आणि मॅग्नेशियम असलेल्या खनिजांमुळे त्याला काळा रंग आला.

थिजताना आणखी दोन गोष्टी घडल्या. शिलारसात विरघळलेले वायू बुडबुड्यांच्या रूपाने वर येऊ लागले आणि थराच्या वरच्या भागात अडकले. तेथे खडक जाळीदार झाला. खालचा भाग घट्ट राहिला, पण निवताना आकसल्यामुळे त्याला तडे गेले. काही ठिकाणी हे तडे इतके नियमित पडले की बहुकोनी खांब तयार झाले. मुंबईत अंधेरी येथील गिल्बर्ट टेकडी हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण आहे.

पोकळ्यांतील रत्ने

बुडबुड्यांच्या पोकळ्या कायम रिकाम्या राहिल्या नाहीत. खडकातून झिरपणाऱ्या कोमट व उष्ण पाण्याने वाटेत सिलिका, चुना, सोडा असे पदार्थ विरघळवून घेतले आणि पोकळ्यांत सोडले. त्यातून गारगोटी, कॅल्साइट आणि झिओलाइट गटातील खनिजे तयार झाली. १७५६ मध्ये क्रोनस्टेट या स्वीडिश शास्त्रज्ञाने झिओलाइट हे नाव दिले. त्याचा अर्थ 'उकळणारा दगड', कारण तापवल्यावर त्याच्या स्फटिकांत सामावलेले पाणी वाफ होऊन निघून जाते. पुण्याजवळील वाघोलीच्या खाणींत मिळालेले कॅव्हनसाइट या खनिजाचे गर्द निळे स्फटिक जगभरातील संग्राहकांना ठाऊक आहेत.

खडक कुजतो कसा?

पावसाचे पाणी हवेतील व मातीतील कार्बन डायऑक्साइड शोषून किंचित आम्लधर्मी होते आणि तड्यांतून आत शिरते. फेल्स्पारची हळूहळू चिकणमाती होते. लोहयुक्त खनिजे गंजून तांबूस पिवळी पडतात. चौकोनी ठोकळ्याच्या कोपऱ्यांवर हा हल्ला अनेक बाजूंनी होतो, म्हणून कोपरे आधी झिजतात आणि ठोकळा गोल होतो. त्याचे कवच कांद्याच्या पापुद्र्यांसारखे सुटते. घाटरस्त्याच्या कडेला असे धोंडे जरूर शोधा. पापुद्र्यांचा चुरा म्हणजे मुरूम, आणि मुरूम आणखी कुजला की माती.

पुढे काय बनेल हे पावसावर अवलंबून असते. कमी पावसाच्या देशावर चिकणमाती टिकून राहते आणि काळी जमीन तयार होते. तिच्यातील माँटमोरिलोनाइट हे खनिज पाणी पिऊन फुगते व वाळल्यावर आकसते, म्हणून उन्हाळ्यात जमिनीला भेगा पडतात. कोकणात आणि महाबळेश्वर-पाचगणीच्या पठारांवर धुवांधार पावसाने सिलिका आणि चुनाही वाहून नेला. मागे उरली ती मुख्यतः लोह व ॲल्युमिनियमची संयुगे. हाच जांभा. त्याचे चिरे कापताना मऊ असतात आणि हवेत राहिल्यावर कठीण होतात. १८०७ मध्ये फ्रान्सिस ब्युकॅनन यांनी केरळात या खडकाला लॅटेराइट हे नाव दिले. त्यामागचा लॅटिन शब्द 'वीट' या अर्थाचा आहे.

मग पाणी कोठे?

जाळीदार खडकात पाणी भरपूर असणार, असे तुम्हाला वाटेल. पण बुडबुडे एकमेकांना जोडलेले नसतील, किंवा खनिजांनी भरून गेले असतील, तर त्यांतून थेंबही वाहणार नाही. पाणी साठायला पोकळी हवी आणि वाहायला वाट हवी. या दोन्ही गोष्टी मुरमात, कुजलेल्या जाळीदार खडकात आणि तडे गेलेल्या कातळात मिळतात. हे थर प्रामुख्याने वरच्या काही दहा मीटरांत असतात. खाली अखंड कातळ लागला की विहीर नुसती खोल करून फारसे हाती लागत नाही. खोल बोअरला दोन थरांच्या सांध्यात कधी पाणी लागते; परंतु तो साठा बहुधा मर्यादित असतो आणि भरून यायला वेळ लागतो. कर्ज काढून बोअर घेणाऱ्या शेतकऱ्याच्या दृष्टीने हा फरक फार मोठा आहे. म्हणून आसपासच्या विहिरींतील थर पाहणे आणि वरच्या थरांत पावसाचे पाणी मुरवणे हाच शहाणपणाचा मार्ग.

करून पाहा

साधारण सारख्या वजनाचे ताज्या काळ्या पाषाणाचे आणि मुरमाड खडकाचे तुकडे घ्या. उन्हात चांगले वाळवून प्रयोगशाळेतील तराजूवर त्यांचे वजन करा. २४ तास पाण्यात ठेवा, बाहेर काढून हलकेच पुसा आणि पुन्हा वजन करा. वाढलेल्या वजनाला मूळ वजनाने भागून १०० ने गुणा. कोणत्या खडकाने शेकडा किती पाणी घेतले ते समजेल. निरनिराळ्या विहिरींजवळचे नमुने घेऊन वर्गात तक्ता करा.

विचार करा

१. तडे नसलेल्या कातळात शेततळे खोदले तर पाणी टिकेल. ते विहिरींना मिळेल का?
२. जांभ्याच्या सड्यावर धो धो पाऊस पडूनही उन्हाळ्यात पाण्याची टंचाई का भासत असावी?
३. तुमच्या गावच्या विहिरीत वरून खाली कोणकोणते थर दिसतात? आकृती काढून प्रत्येकाची जाडी लिहा.