एक गाणं तरी अंतऱ्यासकट पाठ कर गं

परवा फोनवर म्हणालीस ना, "ताई, हल्ली गाणं लावलं तरी ऐकल्यासारखं वाटत नाही," ते माझ्या मनातून गेलं नाही. रोह्याहून सकाळची गाडी, पेणला दिवसभर नोकरी, घरी पोचल्यावर लेकीचा अभ्यास, सासूबाईंच्या गोळ्या, उद्याच्या डब्याला काय करायचं याची काळजी. अशात गाणं नुसतं कानावरून जातं, त्यात नवल ते काय! तुझं काही बिघडलेलं नाही. फक्त माझं एक ऐक. दिवसभर गाणी लावून ठेवू नकोस. एकच निवड आणि ते शब्दांसकट पाठ कर.

खरं सांगू का, आपल्याला बहुतेक गाण्यांचं धृपद तेवढं येतं, पुढचं सगळं गुणगुणून भागवायचं. पण धीर अंतऱ्यात असतो बघ. मंगेश पाडगावकरांचं जगण्यावर शंभरदा प्रेम करायला सांगणारं गाणं घे. यशवंत देवांची चाल, अरुण दात्यांचा आवाज. सगळ्यांना ते पाठ, म्हणजे सुरुवात पाठ. तेवढंच कुणी थकलेल्या बाईला ऐकवलं तर तिला रागच येईल. इथे जीव मेटाकुटीला आलाय आणि प्रेम कसलं करू? पण जरा पुढे जा. पुढे पाऊस आहे, भिजलेली काळी माती आहे, तिच्यातून वर आलेली पाती आहेत. पाडगावकर मूळचे वेंगुर्ल्याचे, कोकणातल्या पावसात वाढलेली नजर ती. जुलैत नागोठण्याच्या आसपास गाडीच्या खिडकीतून तुला जे दिसतं, तेच त्या अंतऱ्यात आहे. प्रेम करायला एवढंसं काहीतरी पुरतं, हे तिथे कळतं. धृपदात नाही कळत.

आणि ज्या दिवशी असं गोड गाणंही नको वाटेल, त्या दिवशी बहिणाबाईंकडे जा. १८८० साली जळगावजवळच्या असोद्यात जन्म, तरुणपणीच नवरा गेला, मुलं-शेत-घर सगळं एकटीच्या अंगावर. लिहिता-वाचता येत नव्हतं. जात्यावर, शेतात काम करताना ओठांवर आलेलं मुलाने, सोपानदेवांनी, टिपून ठेवलं म्हणून राहिलं. त्या १९५१ साली गेल्या आणि पुढच्या वर्षी अत्र्यांच्या पुढाकाराने पुस्तक निघालं. ही बाई तुला 'सगळं छान होईल' असं एकदाही सांगत नाही. भाजतं, हे ती आधी सांगते, आणि मग भाकरीचं बोलते. म्हणून तिचा भरवसा वाटतो मला. जनाबाईचंही तसंच बघ. दळण संपलेलं नाही, शेणी वेचायच्या राहिल्यात, आणि त्या पसाऱ्यातच विठ्ठल मदतीला येतो. कामं आटोपून हात रिकामे झाल्यावर येत नाही तो! कामाच्या रगाड्यात असलेल्या बाईसाठी याहून मोठा दिलासा मला तरी ठाऊक नाही.

या दोघी नावाने माहीत झाल्या, नाहीतर अशा किती जणी होत्या. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी महाराष्ट्रातल्या गावोगावी बायकांकडून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या, त्या एक लाखाच्या वर भरल्या. एवढं सगळं बायकांनी पहाटेच्या अंधारात, घर झोपलेलं असताना, जात्याला सांगितलेलं.

पण इतक्या लांब तरी कशाला जायचं? तुझ्या सासूबाईंना धवले येतात की! आपल्याकडे आगरी लग्नात धवलारीण बसते, तिच्या गाण्यावर विधीमागून विधी होतात, सगळा मांडव तिच्या शब्दावर चालतो. हातात पोथी नाही, कागद नाही, सगळं तोंडपाठ. तेराव्या शतकात महदंबेने कृष्ण-रुक्मिणीच्या लग्नाचे धवळे रचले, तिला मराठीची आद्य कवयित्री म्हणतात. इतकी जुनी ही वाट, आणि ती तुझ्या स्वयंपाकघरापर्यंत येऊन पोचली आहे. रात्री गोळ्या देताना एक धवला म्हणायला सांग त्यांना. फोनवर रेकॉर्ड कर, अडलेल्या शब्दाचा अर्थ विचार. धवलारणी आता कमी होत चालल्यात गं, म्हणून घाई कर. आणि बघ, औषधाच्या वेळेला जी रोज कुरबुर होते ना तुमची, तीही जरा निवळेल.

पाठच कशाला करायचं, असं विचारशील. आमच्या गल्लीतल्या गणपतीच्या कारखान्यात चतुर्थीच्या आधी बायका रात्री उशिरापर्यंत रंगकामाला बसतात. पितांबराचा पिवळा, शेल्याचा लाल, ब्रश चालू आणि कोपऱ्यातल्या स्पीकरवर गाणी चालू. गेल्या पावसाळ्यात वीज गेली आणि स्पीकर मध्येच बंद पडला. इन्व्हर्टरवरचा एक दिवा तेवढा होता. बायकांनी गाणं सोडलं नाही. दोघीतिघींना अंतरा येत होता, त्यांनी तो उचलला, बाकीच्या मागून आल्या, आणि ब्रश खाली न ठेवता काम पुढे सरकलं. ज्यांना शब्द येत नव्हते त्यासुद्धा त्यांच्या जोरावर बसून राहिल्या. वेळेला उपयोगी पडलं ते पाठ असलेलंच.

तेव्हा लेकीच्या जुन्या वहीची उरलेली पानं घे आणि गाणं स्वतःच्या हाताने लिहून काढ. फोनमध्ये नको, हातानेच. रोज दोन ओळी पुरेत. कणीक मळताना म्हण, गाडीत म्हण, चाल चुकली तर चुकू दे. तुझ्या अवस्थेचं गाणं निवड. दुसऱ्या कुणाला आवडतं म्हणून घेऊ नकोस. उमेद देणारंच हवं असंही नाही. रडवणारं असलं तरी चालेल, कधी कधी तेच मोकळं करतं.

मात्र एक स्पष्ट सांगते. झोप लागत नाही, जेवण जात नाही, कशातच मन लागत नाही असं पंधरा दिवसांवर चाललं, तर गाण्यावर भागवू नकोस. डॉक्टरांकडे जा. सरकारचा टेलि-मानसचा १४४१६ हा नंबर आहे, फुकट आहे, रात्रीबेरात्रीही लागतो. तिथे मराठीतून बोल. लाजायचं काही कारण नाही. इतकं सगळं सांभाळणारी तू, स्वतःसाठी एक फोन नक्की करू शकतेस.

आणि शनिवारी परतीच्या गाडीला वेळ असेल तर घरी ये. पोह्याचे पापड भाजून ठेवते. वही आण आणि पहिला अंतरा मला न बघता म्हणून दाखव.