ऐन मृगात बसलेलं बिलिंग

मेहकरला आमचं कृषी केंद्र आहे. जिल्ह्यातल्या दुकानदार भावांसाठी हे लिहितो आहे, आणि माझं मन मोकळं व्हावं म्हणूनही. "तुमच्याच पोरांनी गेम-बिम टाकला असन," हे सॉफ्टवेअरवाल्याचं बोलणं मी गिऱ्हाइकांनी भरलेल्या दुकानात, फोनच्या स्पीकरवर ऐकून घेतलं आहे.

पहिला दमदार पाऊस झाला आणि सोयाबीनच्या बियाण्याला गर्दी उसळली. त्याच सकाळी बिलिंग उघडेना. एमएसकॉमसीटीएल नावाची ओसीएक्स फाईल नीट नोंदलेली नाही, असा निरोप पडद्यावर. बियाणे नियंत्रण आदेश 1983 प्रमाणे बियाण्याचं बिल द्यावंच लागतं. उद्या उगवण झाली नाही तर लॉट नंबर लिहिलेलं ते बिल हाच शेतकऱ्याच्या हातातला पुरावा असतो. दिवसभर कार्बन घालून हातानं बिलं फाडली. लोक उन्हात ताटकळले, काही उठून दुसऱ्या दुकानात गेले. त्यांना मी दोष देत नाही.

सॉफ्टवेअरवाला फोनवर ठाम होता: व्हायरस आहे, मशीन फॉरमॅट करा, नवीन व्हर्जन घ्या. पैसे आधी.

गोदामातल्या कॉम्प्युटरवर मात्र तेच सॉफ्टवेअर सुरळीत चालत होतं. मग व्हायरस एकाच ठिकाणी कसा? रात्री भाच्याला फोन लावला आणि दोन्हीकडची ती फाईल शोधली. राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिटेल्स. व्हर्जन वेगळं! दुकानातल्या मशीनवर जुनी प्रत बसली होती. डी ड्राइव्हवर एक सेटअप फोल्डर तसंच पडलेलं होतं, आदल्या संध्याकाळचं. त्या संध्याकाळी हाच गृहस्थ एसएमएसचं मॉड्यूल टाकायला आला होता. फोल्डरमध्ये एक बॅच फाईल, तिच्यात कॉपीची आज्ञा आणि पुढे स्लॅश वाय, म्हणजे काही न विचारता आहे त्या फाईलवर लिही. ती ओळ वाचली तेव्हा माझे हात थरथरत होते. दिवसभर ज्यानं माझ्या पोरांना गुन्हेगार ठरवलं, त्याच्याच हातचं हे काम होतं.

अशा डीएलएल, ओसीएक्स फाईली सामाईक विहिरीसारख्या असतात. अनेक प्रोग्राम एकाच फाईलवर चालतात, आणि एकानं ती बदलली की बाकीचे कोरडे पडतात. आपल्याकडची बरीच बिलिंग सॉफ्टवेअर अजून 1998 च्या व्हिज्युअल बेसिक 6 वर उभी आहेत. आमची ही एमएसकॉमसीटीएल फाईल मायक्रोसॉफ्टनं सुरक्षेसाठी 2012 मध्ये बदललेली आहे. जुन्या सीडीतली प्रत तिच्यावर टाकणं म्हणजे बंद केलेलं भगदाड पुन्हा उघडणं.

गोदामातली फाईल आणून सिसवॉव64 मध्ये ठेवली. 64 बिटच्या विंडोजमध्ये 32 बिटच्या फाईलींची जागा तीच. सिस्टम32 हे नाव वाचून बहुतेक लोक फसतात आणि फाईल तिथं ठेवतात. कमांड प्रॉम्प्ट 'रन अॅज अॅडमिनिस्ट्रेटर'नं उघडून त्याच फोल्डरमधला रेगएसव्हीआर32 चालवला. बिलिंग उघडलं. फॉरमॅट नाही, नवीन व्हर्जन नाही.

तर भावांनो, कोणी नवीन मॉड्यूल टाकायला आला की आधी रिस्टोअर पॉइंट करायला लावा, आणि डेटाचा बॅकअप आपल्या पेनड्राइव्हवर घ्या, त्याच्या नव्हे. सॉफ्टवेअर विकत घेतानाच ते कोणकोणत्या फाईलींवर चालतं त्याची यादी आणि त्या फाईली मागून ठेवा. 'हरवलेली डीएलएल फुकट' देणाऱ्या साइटवरून काहीही उतरवू नका. व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या फाईली हव्या असतील तर मायक्रोसॉफ्टचंच पॅकेज घ्या. जूनमध्ये चालत्या मशीनला कुणालाही हात लावू देऊ नका, मग तो कितीही ओळखीचा असो. सगळं लेखी घ्या. बिलबुक छापून तयार ठेवा.

दुसऱ्या दिवशी मी त्याला त्या बॅच फाईलचा फोटो पाठवला. त्यानं तो पाहिला. उत्तर आलं नाही, माफी तर दूरच. महिनाअखेरीस 'व्हायरस तपासणी' लिहिलेलं बिल मात्र आलं. ते मी भरलेलं नाही.