पिझ्झा, पदेराची भट्टी आणि उष्णतेच्या तीन वाटा

वहन, अभिसरण आणि प्रारण या उष्णतेच्या तीन वाटा आपण शाळेत शिकलो. पेडणे-डिचोलीकडे चुलीवर भाकरी होते तेव्हा त्यांतील दोन सहज दिसतात. तव्यावरची भाकरी वहनाने भाजते, निखाऱ्यापुढे धरलेली प्रारणाने फुगते. पदेराच्या भट्टीत तर तिन्ही एकत्र येतात. लाकडे जाळून भट्टी तापवतात, निखारे बाजूला सारतात व लांब दांड्याच्या फळीने पाव आत सरकवतात. तापलेली लादी तळ भाजते, घुमट वरून उष्णता फेकतो आणि आतली हवा पावाभोवती खेळते. नेपल्सची पिझ्झाभट्टी याच जातीची. तिच्यात सुमारे 430 ते 480 अंश सेल्सिअसवर पिझ्झा दीड मिनिटाच्या आत तयार होतो.

मायक्रोवेव्हची रीत मात्र निराळी. रडारसाठी वापरल्या जाणाऱ्या मॅग्नेट्रॉनच्या लहरींनी अन्न शिजते, हे अमेरिकेत पर्सी स्पेन्सर यांनी 1945 च्या सुमारास ओळखले. घरगुती यंत्रात 2450 मेगाहर्ट्झच्या लहरी मुख्यतः पदार्थातील पाण्याला चेतवतात. परंतु पाणी 100 अंशांना उकळते. ओल असेपर्यंत पीठ त्यापुढे फारसे तापत नाही. तांबूस रंग व खमंगपणा देणारी माईयार क्रिया मात्र साधारण 140 अंशांपुढे वेग घेते. म्हणून केवळ लहरींवर केलेला पिझ्झा फिका राहतो व निवताच चिवट होतो.

कन्व्हेक्शनच्या सोयीत लहरी बंद असतात. तापक आणि पंखा गरम हवा फिरवतात. येथे तापमान बहुधा 200 ते 250 अंशच मिळते. शिवाय हवेत उष्णता थोडीच साठते, दार उघडताच ती निघून जाते. म्हणून लादीचे काम जाड धातूच्या ताटाकडे द्यावे. ताट आत ठेवूनच यंत्र चांगले तापवावे, मग लाटलेला पिझ्झा त्यावर सरकवावा. केवळ लहरींवर यंत्र चालवताना मात्र हे ताट आत ठेवू नये, ठिणग्या उडतात.

पोळी पातळ लाटावी आणि टोमॅटोचा रस आटवून घ्यावा. एक ग्रॅम पाण्याची वाफ होण्यास सुमारे 540 कॅलरी उष्णता लागते. रस पातळ असेल तर ताटाची उष्णता त्यातच खर्ची पडते. दहा-पंधरा मिनिटांत कडा तांबूस झाल्या की पिझ्झा झाला असे समजावे.

यंत्र नवे असले तरी नियम जुनाच आहे: आधी भट्टी तापवावी, मग पीठ आत घालावे. पदेर रोज पहाटे हेच करतो.