माणशी सहाशे रुपये? आधी मागच्या दाराची किल्ली शोधा

‘सुरक्षा कार्यशाळा, प्रत्येकी ६०० रुपये’ अशी चिठ्ठी मुलाच्या डायरीत आली, तर सही करण्याआधी एकच विचारा: प्रत्यक्ष करून काय घेणार? आमच्या शाळेत दोनशे मुलांचे १,२०,००० रुपये गेले आणि हाती आलं एक गुळगुळीत पुस्तक नि प्रमाणपत्र.

आगीची कवायत मात्र फुकट होते. घंटा, घड्याळ आणि मैदान, बस्स. आमच्या पहिल्याच कवायतीत तिसरीतली एक मुलगी जिन्यातून उलटी फिरली, नवी पाण्याची बाटली वर्गात राहिली म्हणून! मागच्या दाराला कुलूप. किल्ली शिपाईमामांच्या खिशात आणि मामा बँकेत. हे कुठल्या पुस्तकात सापडणार? कुंभकोणमच्या शाळेत १६ जुलै २००४ रोजी ९४ मुलं आगीत गेली, तिथे बाहेर पडायची वाट अरुंद होती.

खरा खर्च आग विझवायच्या सिलिंडरचा. एबीसी पावडरचा सहा किलोचा साधारण दीड ते अडीच हजारांना पडतो. आयएसआय खूण बघा, काटा हिरव्या पट्ट्यात हवा. गोम असते ती रिफिलमध्ये: काही जण जुन्याच सिलिंडरवर नव्या तारखेची चिठ्ठी डकवून पैसे घेतात. म्हणून बिलावर सिलिंडरचा नंबर लिहून घ्या. आणि रिफिलला न्यायच्या आधी तो मैदानात, वाऱ्याकडे पाठ करून, मोठ्या मुलांच्या हातून रिकामा करवून घ्या: पिन ओढायची, नळी आगीच्या बुडाशी धरायची, दांडा दाबायचा, झाडू मारल्यासारखी नळी फिरवायची. पावडर तशीही बदलायचीच असते. धडा फुकटात पदरात पडतो.

प्रथमोपचार पेटी पाचशे ते हजारात येते. भाजल्यावर टूथपेस्ट नको, नळाचं पाणी वीस मिनिटं. हे शिकवायला तर पेटीही लागत नाही. ११२ (आपत्कालीन मदत) आणि १०९८ (चाइल्डलाइन) हे नंबर मुलांकडून तोंडपाठ करून घ्या.

सरकारी शाळा असेल तर पालकांकडून वर्गणी काढण्याआधी व्यवस्थापन समितीत समग्र शिक्षा अनुदानाचा हिशेब मागा. १०१ ते २५० पटाच्या शाळेसाठी वर्षाला ५०,००० रुपयांची तरतूद आहे आणि नादुरुस्त साहित्य बदलणं त्यात बसतं.

आमच्या मागच्या दाराची किल्ली आता दाराशेजारीच लटकते. खिळा नि सुतळी मिळून दहा रुपये.