‘प्रदूषणमुक्त’ : शब्दाचा अर्थ आणि धोरणातील वापर

रस्त्यावर धावणाऱ्या बहुतेक मोटार वाहनांच्या चालकांना जे प्रमाणपत्र जवळ बाळगावे लागते, त्याला सर्वसामान्य भाषेत ‘पीयूसी’ म्हणतात. त्याच्या नावाचा अर्थ ‘प्रदूषण नियंत्रणाखाली’ असा आहे. वाहन धूर सोडत नाही, असे हे प्रमाणपत्र सांगत नाही; धूर ठरवून दिलेल्या मर्यादेत आहे, एवढीच ग्वाही ते देते. याउलट शहरे, नद्या, इंधने व उद्योग यांच्याविषयी बोलताना ‘प्रदूषणमुक्त’ हा शब्द सर्रास वापरला जातो. स्पर्धा परीक्षांच्या उत्तरपत्रिकांतही ‘नियंत्रित’, ‘स्वच्छ’, ‘निर्मल’ आणि ‘प्रदूषणमुक्त’ हे शब्द परस्परांच्या जागी येतात. कायदा, विज्ञान आणि अर्थशास्त्र या तिन्ही शाखांत मात्र या शब्दांचे अर्थ वेगळे आहेत. शब्द सैल झाला की त्यामागची जबाबदारीही सैल होते, म्हणून हा भेद समजून घेणे आवश्यक ठरते.

शब्दाची घडण

‘दुष्’ या संस्कृत धातूपासून दोष, दूषण व दूषित हे शब्द तयार झाले. मराठीत ‘दूषण देणे’ म्हणजे दोष देणे. ‘प्र’ हा उपसर्ग लागून ‘प्रदूषण’ हा शब्द बनला आणि आधुनिक काळात त्याला शास्त्रीय संज्ञेचे स्थान मिळाले. ‘निर्मल’ म्हणजे ज्यातून मळ गेला आहे ते. ‘स्वच्छ’ या शब्दात ‘सु’ आणि ‘अच्छ’ असे दोन घटक असून ‘अच्छ’चा मूळ अर्थ पारदर्शक, नितळ असा आहे. म्हणजेच ‘स्वच्छ’ हा मुळात डोळ्यांनी केलेल्या पारखीचा शब्द आहे. ‘सोवळे’ किंवा ‘पवित्र’ हे शब्द श्रद्धेच्या व आचाराच्या क्षेत्रातील आहेत; त्यांचा प्रयोगशाळेतील मोजमापाशी संबंध नाही.

या शब्दांमधील अंतर रोजच्या अनुभवातही दिसते. गढूळ पाण्यात तुरटी फिरवली की गाळ खाली बसतो आणि वरचे पाणी निवळशंख दिसू लागते. ते डोळ्यांना स्वच्छ असते. परंतु त्यात विरघळलेली रसायने तशीच राहू शकतात आणि सर्व रोगजंतूही नष्ट झालेले नसतात. तेव्हा स्वच्छ दिसणारे सर्वच प्रदूषणमुक्त असते, असे नाही.

कायद्यातील अर्थ

जल (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) अधिनियम, १९७४ मध्ये प्रदूषणाची व्याख्या परिणामाच्या आधारे केली आहे. पाणी दूषित होणे, त्याच्या भौतिक, रासायनिक अथवा जैविक गुणधर्मांत बदल होणे किंवा त्यात सांडपाणी वा अन्य पदार्थ सोडले जाणे, यांमुळे उपद्रव होण्याचा अथवा सार्वजनिक आरोग्य, घरगुती, औद्योगिक व शेतीविषयक वापर, तसेच प्राणी, वनस्पती व जलचर यांना अपाय होण्याचा संभव असेल, तर ते प्रदूषण होय. वायू (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) अधिनियम, १९८१ आणि पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६ यांत प्रदूषकाची व्याख्या करताना पदार्थाच्या ‘संहती’वर, म्हणजे हवेत किंवा पर्यावरणात तो किती प्रमाणात आहे यावर, भर दिला आहे.

या व्याख्यांतून दोन निष्कर्ष निघतात. पहिला असा की, परका पदार्थ केवळ अस्तित्वात असणे पुरेसे नाही. अपाय होण्याइतके त्याचे प्रमाण असावे लागते. दुसरा असा की, १९७४ व १९८१ च्या कायद्यांच्या नावांतच ‘प्रतिबंध’ व ‘नियंत्रण’ हे शब्द आहेत. ‘निर्मूलन’ हा शब्द नाही. प्रदूषणाचे संपूर्ण उच्चाटन हे उद्दिष्ट संसदेने या कायद्यांच्या शीर्षकात ठेवले नाही.

प्रशासकीय वर्गीकरणातही हेच तत्त्व दिसते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०१६ मध्ये उद्योगांची प्रदूषण निर्देशांकानुसार लाल, नारिंगी, हिरवा व पांढरा अशा गटांत विभागणी केली. त्या वर्गीकरणात २० पर्यंत गुण असलेले उद्योग ‘पांढऱ्या’ गटात, म्हणजे व्यवहारतः प्रदूषण न करणाऱ्या उद्योगांत, मोडत होते. येथे ‘व्यवहारतः’ हा शब्द महत्त्वाचा आहे. पांढऱ्या गटाची मर्यादा शून्य नव्हती, २० होती.

किती प्रमाणात? मानकांचा प्रश्न

प्रमाण ठरवायचे म्हटले की मानके येतात. नोव्हेंबर २००९ मध्ये अधिसूचित झालेल्या राष्ट्रीय परिवेशी हवा गुणवत्ता मानकांनुसार २.५ मायक्रोमीटर व त्याहून लहान धूलिकणांची (पीएम २.५) वार्षिक सरासरी मर्यादा प्रति घनमीटर ४० मायक्रोग्रॅम आणि २४ तासांची मर्यादा ६० मायक्रोग्रॅम आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २००५ मध्ये वार्षिक मार्गदर्शक पातळी १० मायक्रोग्रॅम ठेवली होती. २०२१ मध्ये ती ५ वर आणली.

एखाद्या शहराची वार्षिक सरासरी ३८ मायक्रोग्रॅम आहे, असे मानू. भारतीय मानकानुसार त्या शहराची हवा मर्यादेत आहे. मात्र जागतिक आरोग्य संघटनेच्या पातळीच्या ती सातपटीहून अधिक आहे. हवा तीच, माणसांची फुप्फुसेही तीच; बदलली ती केवळ मोजपट्टी. २००५ ते २०२१ या काळात मार्गदर्शक पातळी निम्म्यावर आली, याचा अर्थ हवा एकाएकी बिघडली असा नसून कमी प्रमाणातील धूलिकणही अपायकारक असल्याचे पुरावे वाढले, असा आहे. म्हणून ‘मानकांच्या मर्यादेत’ आणि ‘प्रदूषणमुक्त’ हे समानार्थी शब्द मानता येत नाहीत.

जानेवारी २०१९ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमाने शब्दांची ही मर्यादा सांभाळली आहे. २०१७ च्या तुलनेत धूलिकणांचे प्रमाण २०२४ पर्यंत २० ते ३० टक्क्यांनी कमी करणे हे त्याचे प्रारंभीचे उद्दिष्ट होते. पुढे २०२५-२६ पर्यंत ४० टक्के घट असे सुधारित उद्दिष्ट ठरले. हे उद्दिष्ट ‘घट’ सांगते, ‘मुक्ती’ नव्हे. आणि घट मोजता येत असल्याने यशापयशाचा जाबही विचारता येतो.

कोणत्या वापरासाठी? पाण्याचे वर्ग

पाण्याच्या बाबतीत वापराचा प्रश्न येतो. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने जलसाठ्यांचे ‘इष्टतम निर्देशित वापर’ या संकल्पनेनुसार ए ते ई असे पाच वर्ग केले आहेत. निर्जंतुकीकरणानंतर, अन्य पारंपरिक प्रक्रियेविना पिता येईल असा स्रोत ‘ए’ वर्गात येतो. ‘बी’ वर्ग स्नानासाठी, ‘सी’ वर्ग पारंपरिक प्रक्रिया व निर्जंतुकीकरण करून पिण्यासाठी, ‘डी’ वर्ग वन्यजीव व मत्स्योत्पादनासाठी, तर ‘ई’ वर्ग सिंचन व औद्योगिक शीतनासाठी आहे.

पाण्यातील सेंद्रिय घाण कुजवताना सूक्ष्मजीवांना जो प्राणवायू लागतो, त्याला जैवरासायनिक प्राणवायू मागणी (बीओडी) म्हणतात. ती जितकी जास्त, तितके सेंद्रिय प्रदूषण जास्त. ‘ए’ वर्गासाठी ती प्रति लिटर २ मिलिग्रॅम किंवा त्याहून कमी असावी लागते. ‘बी’ व ‘सी’ वर्गांसाठी ३ मिलिग्रॅमपर्यंत चालते. एकूण कोलिफॉर्म जिवाणूंची मर्यादा प्रति १०० मिलिलिटरमध्ये ‘ए’ वर्गासाठी ५०, ‘बी’साठी ५०० आणि ‘सी’साठी ५,००० आहे. शेताला चालणारे पाणी पिण्यास चालेलच असे नाही. त्यामुळे नदी ‘प्रदूषणमुक्त झाली’ या विधानापुढे ‘कोणत्या वापरासाठी?’ हा प्रश्न विचारावाच लागतो.

नद्यांच्या प्रदूषित पट्ट्यांची गणना करताना मंडळाने बीओडी ३ मिलिग्रॅमपेक्षा अधिक असणे हा निकष लावला. २०१८ मध्ये असे ३५१ पट्टे नोंदले गेले होते. २०२२ च्या अहवालात २७९ नद्यांवरील ३११ पट्टे नोंदले गेले. ही घट स्वागतार्ह आहे. तथापि, यादीतून वगळल्या गेलेल्या पट्ट्यातील सेंद्रिय घाण कमी झाली, एवढेच त्यावरून सिद्ध होते. जड धातू, कीटकनाशके किंवा रोगजंतू यांच्याविषयी हा एक आकडा काहीही सांगत नाही.

कशापासून मुक्त?

‘मुक्त’ या पदाला नेहमी पूर्वपदाची गरज असते. महाराष्ट्रातील ग्रामस्वच्छतेच्या चळवळीत रुळलेला ‘हागणदारीमुक्त’ हा शब्द या दृष्टीने आदर्श आहे. तो ऐकायला रोखठोक आहे, पण गाव कशापासून मुक्त झाले याविषयी संदिग्धता ठेवत नाही. ‘निर्मल ग्राम’ या शब्दाचे तसे नाही. केंद्र शासनाने २००३ मध्ये सुरू केलेल्या निर्मल ग्राम पुरस्काराचा मुख्य संबंध स्वच्छतागृहे व उघड्यावरील शौचाची समाप्ती यांच्याशी होता. पुरस्कारप्राप्त गावच्या विहिरीत नायट्रेट नाही, असा त्याचा अर्थ काढता येत नाही.

एका धोक्यापासून मुक्ती मिळवताना दुसरा धोका नजरेआड झाल्याचे उदाहरण पश्चिम बंगालमध्ये आढळते. तळी व नद्यांच्या पाण्यातून होणारे अतिसारासारखे रोग टाळावेत, म्हणून गंगेच्या त्रिभुज प्रदेशात मोठ्या प्रमाणावर कूपनलिका खोदण्यात आल्या. त्यांचे पाणी नितळ होते आणि जंतूंच्या दृष्टीने अधिक सुरक्षितही होते. परंतु १९८० च्या दशकात या पाण्यातील आर्सेनिकमुळे होणारे त्वचारोग लक्षात आले. हे आर्सेनिक कोणा कारखान्याने सोडलेले नव्हते. ते भूस्तरांतून पाण्यात उतरले होते. अशा पाण्याला ‘प्रदूषित’ म्हणण्यापेक्षा ‘दूषित’ म्हणणे अधिक अचूक ठरते. पिणाऱ्याच्या शरीराला मात्र या शब्दभेदाने काही फरक पडत नाही.

इंधनांबाबतही हीच सावधगिरी हवी. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९८ च्या आदेशानंतर दिल्लीतील सार्वजनिक बसगाड्या २००२ अखेरपर्यंत नैसर्गिक वायूवर आणल्या गेल्या. हे इंधन डिझेलच्या तुलनेत धूलिकण कमी सोडते, म्हणून ते ‘स्वच्छ’ ठरले; नायट्रोजनची ऑक्साइडे त्यातूनही निर्माण होतात. विजेवर चालणारे वाहन रस्त्यावर धूर सोडत नाही. परंतु देशातील निम्म्याहून अधिक वीज कोळशापासून तयार होते. अशा वेळी प्रदूषणाचा काही भाग नाहीसा होतो आणि काही भाग शहरातून औष्णिक केंद्राजवळच्या वस्तीकडे सरकतो.

अर्थशास्त्राचा दृष्टिकोन

ए. सी. पिगू यांनी १९२० मध्ये ‘द इकॉनॉमिक्स ऑफ वेल्फेअर’ या ग्रंथात खासगी खर्च व सामाजिक खर्च यांतील तफावत मांडली. कारखान्याने नदीत सोडलेल्या घाणीचा खर्च कारखान्याच्या हिशेबवहीत येत नाही. तो खालच्या अंगाच्या गावांवर पडतो. यालाच ‘बाह्य परिणाम’ म्हणतात. तो खर्च कर आकारून उत्पादकाच्या हिशेबात आणावा, हा पिगू यांच्या मांडणीचा गाभा होय. रोनाल्ड कोस यांनी १९६० मध्ये हक्क निश्चित असतील व वाटाघाटींचा खर्च नगण्य असेल, तर संबंधित पक्ष आपसांत तोडगा काढू शकतात, असे दाखवले.

या विचारातून ‘इष्टतम प्रदूषण’ ही संकल्पना आली. एक काल्पनिक उदाहरण घेऊ. एका कारखान्याच्या सांडपाण्यातील घाण चार समान टप्प्यांत काढायची आहे. टप्प्यांचा खर्च अनुक्रमे १, २, ४ व १२ लाख रुपये आहे आणि त्यामुळे टळणारे नुकसान अनुक्रमे ८, ६, ५ व २ लाख रुपये आहे. पहिल्या तीन टप्प्यांत ७ लाख रुपये खर्चून १९ लाखांचे नुकसान टळते. चौथ्या टप्प्यात २ लाखांचे नुकसान टाळण्यासाठी १२ लाख खर्च होतात. सीमांत खर्च सीमांत लाभापेक्षा जास्त झाल्याने अर्थशास्त्रीय हिशेब तिसऱ्या टप्प्यावर थांबण्यास सांगतो. म्हणजे अर्थशास्त्राच्या दृष्टीने पूर्ण प्रदूषणमुक्ती हे प्रत्येक वेळी इष्टतम उद्दिष्ट नसते.

या हिशेबाची एक मोठी उणीव परीक्षार्थींनी ध्यानात ठेवावी. चौथ्या टप्प्यातील नुकसान २ लाखच का ठरले? आजारपणामुळे बुडालेल्या मजुरीवरून नुकसान मोजले, तर गरिबाचे आजारपण स्वस्त आणि श्रीमंताचे महाग ठरते. नदीकाठच्या वस्तीत शेतमजूर व मच्छीमार राहत असतील, तर त्यांची हानी कागदावर कमी दिसते आणि ‘इष्टतम’ प्रदूषण वाढते. शिवाय शरीरात साठत जाणाऱ्या पाऱ्यासारख्या विषाच्या बाबतीत उरलेला अंशही घातक ठरू शकतो.

अधिकार आणि हिशेब

येथे राज्यघटना अर्थशास्त्राला मर्यादा घालते. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ४८-अ आणि ५१-अ (छ) यांद्वारे पर्यावरणरक्षण हे राज्याचे मार्गदर्शक तत्त्व व नागरिकांचे मूलभूत कर्तव्य झाले. सुभाष कुमार विरुद्ध बिहार राज्य (१९९१) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रदूषणमुक्त पाणी व हवा यांच्या उपभोगाचा अधिकार अनुच्छेद २१ मधील जीविताच्या अधिकारात समाविष्ट असल्याचे म्हटले. बोकारो नदीच्या प्रदूषणासंबंधीची ती याचिका मात्र वैयक्तिक हितासाठी दाखल झाल्याचे ठरवून फेटाळण्यात आली. वेल्लोर सिटिझन्स वेल्फेअर फोरम (१९९६) प्रकरणात तमिळनाडूतील कातडी कमावण्याच्या कारखान्यांच्या संदर्भात ‘सावधगिरीचे तत्त्व’ व ‘प्रदूषकाने भरपाई करावी’ हे तत्त्व देशाच्या कायद्याचा भाग मानले गेले.

न्यायालयाच्या भाषेतील ‘प्रदूषणमुक्त’ हा शब्द शून्य प्रदूषकांचे आश्वासन देत नाही. प्रदूषणामुळे जीविताला अपाय होऊ नये, अशी नागरिकाची मागणी तो मान्य करतो. अर्थशास्त्र सर्वांच्या लाभहानीची बेरीज करते. अधिकार मात्र प्रत्येक व्यक्तीचा असतो आणि तो बेरजेत बुडवता येत नाही. धोरणकर्त्याला या दोहोंची सांगड घालावी लागते.

उत्तरलेखनासाठी

‘प्रदूषणमुक्त’ हा शब्द वापरण्यापूर्वी तीन प्रश्नांची उत्तरे द्यावीत : कोणत्या घटकापासून मुक्त, कोणत्या मानकानुसार मुक्त आणि कोणत्या वापरासाठी मुक्त. त्यांना धोरणविषयक चौथा प्रश्न जोडावा : मुक्तीचा खर्च कोणी सोसला आणि प्रदूषण कोणाच्या दारी गेले? उत्तरे उपलब्ध नसतील, तर ‘मर्यादेत’, ‘नियंत्रित’ किंवा ‘तुलनेने स्वच्छ’ हे शब्द अधिक प्रामाणिक ठरतात.

सरावासाठी पुढील प्रश्न उपयुक्त ठरतील. (१) ‘दूषित’ व ‘प्रदूषित’ यांतील भेद उदाहरणासह स्पष्ट करा. (२) ‘इष्टतम प्रदूषण’ ही संकल्पना सांगून तिच्या मर्यादांची चर्चा करा. (३) बीओडी ३ मिलिग्रॅमपेक्षा कमी असलेली नदी प्रदूषणमुक्त म्हणता येईल काय? सकारण लिहा.

उद्याचे प्रशासक म्हणून या विद्यार्थ्यांपैकी अनेकांना अहवालांवर स्वाक्षऱ्या कराव्या लागतील. त्या अहवालातील एका शब्दावर विश्वास ठेवून एखादे गाव नदीचे पाणी घागरीत भरील. शब्दाची निवड तेथे भाषेपुरती राहत नाही.