कुत्रीची पिल्लं दगावली? आधी उरलेली सांभाळा



वस्तीवरची कुत्री रात्री व्याली आणि सकाळी दोन पिल्लं गार पडलेली दिसली, असं थंडीत बऱ्याच ठिकाणी होतं. वाईट वाटणारच. पण हळहळत बसू नका, उरलेल्या पिल्लांसाठी हेच तास मोलाचे असतात.

*१. आधी ऊब, मग दूध*
पहिले दोन आठवडे पिल्लाला स्वतःचं अंग गरम ठेवता येत नाही. गार पडलेलं पिल्लू चोखत नाही, दूध पाजलं तरी त्याला पचत नाही. त्याला छातीशी धरा किंवा कोमट पाण्याची बाटली फडक्यात गुंडाळून शेजारी ठेवा. हळूहळू गरम होऊ द्या, चुलीपाशी शेकू नका. अंग गरम झालं की सडाला लावा. पहिल्या २४ तासांत चीक पोटात जायलाच हवा. पिल्लू उताणं धरून चमच्यानं दूध ओतू नका, ते फुप्फुसात जातं.

*२. रोज वजन करा*
किराणा दुकानातला छोटा काटा चालतो. वजन रोज वाढलं पाहिजे आणि साधारण दहा दिवसांत जन्माच्या दुप्पट झालं पाहिजे. वाढ थांबली किंवा पिल्लू सारखं केकाटत असेल तर त्याच दिवशी दवाखाना गाठा.

*३. कुत्रीकडे लक्ष द्या*
पिणारी पिल्लं कमी झाली की सडात दूध साठतं. सड गरम, कडक, लाल झाले, घाण वासाचा स्राव आला, ताप आला किंवा तिनं खाणं सोडलं तर उपचार लागतात. अंग थरथरून ताठ होत असेल तर कॅल्शियम कमी झालेलं असू शकतं. तेव्हा अजिबात थांबू नका, लगेच डॉक्टरांकडे न्या.

*४. मेलेलं पिल्लू*
आईला थोडा वेळ हुंगू द्या. ती खायला उठली की उचला. हातात मोजे किंवा प्लास्टिकची पिशवी घाला, नंतर साबणानं हात धुवा. गरोदर बायकांनी हात लावू नये. विहीर-ओढ्यापासून लांब, खोल खड्ड्यात पुरा. उकिरड्यावर टाकू नका. एकापाठोपाठ पिल्लं जात असतील तर पुरण्याआधी डॉक्टरांना दाखवा, म्हणजे कारण कळायला मदत होईल.

*५. घरातली पोरं*
"कुणीतरी नेलं" असं खोटं सांगू नका. पिल्लू मेलं हे सरळ सांगा, पुरताना सोबत घ्या. "तू हात लावलास म्हणून मेलं" असं तर चुकूनही म्हणू नका. काही पिल्लं जन्मतःच अशक्त असतात, कितीही केलं तरी जातात.

आज रात्रीच जागा बघा. जमीन ओली नको, वारा नको, खाली कोरडं गोणपाट हवं. अडचण आली तर जवळचा पशुवैद्यकीय दवाखाना किंवा १९६२ वर फोन करा.

– आपली शेतकरी उत्पादक कंपनी