अन्नशब्द आणि अन्नकथा : बेंगळूरुच्या संदर्भात कन्नड-मराठी आहारसंस्कृतीचा एक विचार

१

भाषा बदलते, वेष बदलतो, राज्यकर्ते बदलतात. पण जिभेची सवय सहसा लवकर बदलत नाही, असा एक समज रूढ आहे. हा समज अर्धाच खरा आहे. जीभ चिवट असते हे मान्य करूनही, ती ज्याला पिढीजात म्हणते त्यातले पुष्कळसे परक्याकडून आलेले असते, हे अन्नाच्या इतिहासाचा कोणताही अभ्यासक सांगेल. म्हणूनच एखादा पदार्थ 'आमचा' की 'तुमचा' हा वाद अन्नेतिहासाच्या दृष्टीने निष्फळ ठरतो. तरीही तो वाद पुनःपुन्हा उपस्थित होतो, आणि ज्या दोन भाषिक समाजांत १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपासून सीमेचा प्रश्न धुमसत राहिला त्या कन्नड आणि मराठी समाजांत तर तो विशेष चवीने घातला जातो. पुरणपोळी मूळची कोणाची, होळिगे मूळची कोणाची, सांबार कोणी कोणाला दिले, हे प्रश्न पदार्थांविषयीचे वाटतात. वस्तुतः ते अस्मितेचे असतात.

या वादाचा निवाडा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू नाही. अन्नाविषयीची साहित्यिक व भाषिक साधने इतिहासाचा पुरावा म्हणून कशी वाचावीत, हा येथील प्रश्न आहे. त्यासाठी बेंगळूरु हे नगर सोयीचे आहे. १६३८ मध्ये विजापूरच्या रणदुल्लाखानाच्या स्वारीनंतर ते शहाजीराजे भोसले यांच्या जहागिरीत आले आणि १६८७ मध्ये म्हैसूरच्या चिक्कदेवराज वोडेयर यांच्याकडे गेले. या सुमारे अर्धशतकात येथे एक बहुभाषिक दरबार नांदला. जयराम पिंड्ये यांचे 'राधामाधवविलासचंपू' हे काव्य त्या बहुभाषिकतेची साक्ष आहे. ज्या दरबारात अनेक भाषांतील कवनांना मान होता, त्याच्या मुदपाकखान्यात एकच चव नांदली असेल असे मानणे कठीण आहे.

२

पहिले साधन शब्दांचे. बेंगळूरुच्या कोणत्याही उपाहारगृहात 'वांगीबात', 'बिसिबेळेबात', 'खाराबात' आणि 'केसरीबात' ही नावे आढळतात. शिजवलेल्या तांदळाला कन्नडमध्ये 'अन्न' हा शब्द रूढ आहे. 'चित्रान्न', 'मोसरन्न' या नावांत तोच दिसतो. मग 'बात' कोठून आला? 'भात' हा शब्द उत्तरेकडील इतर भाषांतही असल्यामुळे केवळ त्याच्या आधारे निष्कर्ष काढणे धाडसाचे ठरले असते. परंतु 'वांगीबात' या सामासिक नावात पूर्वपदही मराठी आहे. वांग्याला कन्नड शब्द 'बदनेकायि'. दोन्ही पदे एकाच दिशेकडे बोट दाखवीत असल्यामुळे हे नाव मराठी स्वयंपाकघरातून आले असे बऱ्याच विश्वासाने म्हणता येते.

याहून उद्बोधक आहे ते या शब्दाचे पुढचे आयुष्य. खाराबात म्हणजे मराठीत ज्याला उप्पीट म्हणतात तो रव्याचा पदार्थ, आणि केसरीबात म्हणजे शिरा. दोहोंत तांदळाचा कणही नाही. कन्नडमध्ये 'बात' या शब्दाचा अर्थ तांदळापासून सुटून 'मसाला वा गोडी घालून शिजवलेले धान्य' असा विस्तारला आहे. 'खार' या शब्दाचेही तसेच. मराठीत खारा म्हणजे मिठाचा. कन्नडमध्ये खार म्हणजे तिखट. उसना शब्द नव्या घरी जुन्या अर्थाने राहत नाही, आणि समान शब्दही दोन घरांत एकाच चवीचा राहत नाही.

उलट दिशेची देवघेवही तितकीच ठळक आहे. मराठी माणूस ज्याला घरचाच समजतो तो 'उप्पीट' शब्द कन्नड 'उप्पिट्टु' म्हणजे 'उप्पु' (मीठ) आणि 'हिट्टु' (पीठ) यांचा समास आहे. 'तूप' हा मराठीतील अत्यंत सात्त्विक मानला गेलेला शब्द कन्नड 'तुप्प' या रूपाशी जोडलेला असून अभ्यासक त्याचे मूळ द्राविड मानतात. पुरणाच्या डाळीचे पाणी मराठीत 'कट' आणि कन्नडमध्ये 'कट्टु'. त्याची मराठीत आमटी होते, कन्नडमध्ये सारु. सार आणि सारु, कोशिंबीर आणि कोसंबरी, चिरोटे आणि चिरोटि, हुलगा आणि हुरुळि अशी जोडपी आणखी दाखवता येतील. यांतील प्रत्येक जोडीत देणारा कोण आणि घेणारा कोण हे ठरवता येतेच असे नाही. काही ठिकाणी दोघांनीही तिसऱ्याकडून, बहुधा संस्कृतकडून, घेतले असणे शक्य आहे. शं. बा. जोशी यांनी 'मऱ्हाटी संस्कृती : काही समस्या' या ग्रंथात कन्नड-मराठी संबंधांची जी चर्चा केली तिला स्वयंपाकघराची ही बाजू पूरक ठरते.

सर्वांत बोलका पुरावा मात्र उसनवारीचा नाही. तो समांतरतेचा आहे. मिरची ही पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकात भारतात आलेली अमेरिकेची वनस्पती. तिला नाव देताना मराठीने 'मिरे' या जुन्या शब्दाकडे पाहिले आणि 'मिरची' म्हटले. कन्नडने 'मेणसु' म्हणजे मिरे या शब्दावरून 'मेणसिनकायि' हे नाव सिद्ध केले. शब्दघटक भिन्न, पण विचार एकच : परक्याला ओळखीच्या नात्यात बसवून घ्यावयाचे. हे घडल्यावर काही पिढ्यांतच मिरचीचे परकेपण विसरले गेले.

३

दुसरे साधन ग्रंथांचे. कल्याणीच्या चालुक्यवंशातील तिसऱ्या सोमेश्वराने इ. स. ११३० च्या सुमारास रचलेला 'मानसोल्लास' हा संस्कृत ग्रंथ कन्नड आणि मराठी या दोन्ही भाषांच्या अभ्यासकांना आपला वाटतो. राजधानी आजच्या कर्नाटकात. राज्याचा विस्तार दोन्ही प्रदेशांवर. गीतविनोदात मराठी रचनेचाही नमुना. त्यातील अन्नभोगाच्या प्रकरणात मंडक, पूरिका, इडरिका, वटिका असे पदार्थ येतात. त्यांतील मंडक म्हणजे मांडे पुढे मराठी संतकथेत शिरले. मुक्ताबाईने ज्ञानदेवांच्या पाठीवर ते भाजल्याची आख्यायिका सर्वश्रुत आहे. इडरिका ही इडलीची पूर्वज; पण ती केवळ उडदाची. दहाव्या शतकातील 'वड्डाराधने' या कन्नड ग्रंथातही 'इड्डलिगे'चा उल्लेख आहे. त्याच अन्नभोगात मांसाचे नाना प्रकार, इतकेच काय भाजलेले शेतातील उंदीरही, राजाच्या ताटात वाढलेले आहेत. प्राचीन परंपरेच्या नावाने आजच्या आहारनियमांचे समर्थन करणाऱ्यांनी हे प्रकरण संपूर्ण वाचणे इष्ट आहे.

सतराव्या शतकाच्या उत्तरार्धातील रघुनाथ गणेश नवहस्त यांचा 'भोजनकुतूहल' हा ग्रंथ या दृष्टीने दुसरा महत्त्वाचा टप्पा. शहाजीपुत्र एकोजी बेंगळूरुहून तंजावरला गेला आणि तेथे मराठी राज्य स्थापन झाले. त्याची राणी दीपाबाई हिच्या आश्रयाशी या ग्रंथकाराचे नाव जोडले जाते. प. कृ. गोडे यांनी या ग्रंथाकडे अभ्यासकांचे लक्ष वेधले. पुढे दुसऱ्या सरफोजीच्या (१७९८ ते १८३२) काळात त्याच दरबारात 'शरभेंद्र पाकशास्त्र' सिद्ध झाले आणि त्यात इंग्रजी पद्धतीच्या पदार्थांनाही जागा मिळाली.

याच तंजावरशी सांबाराची कथा निगडित आहे. संभाजीराजांच्या आगमनप्रसंगी आमटीत आमसुलाऐवजी चिंच घातली गेली आणि पाहुण्याच्या नावावरून पदार्थाला नाव पडले, असे ती कथा सांगते. इतिहास म्हणून ती टिकत नाही. संभाजीराजे तंजावरच्या दरबारात भोजनास गेल्याचा विश्वसनीय पुरावा उपलब्ध नाही. शिवाय 'संभार' हा सामग्री, मसाल्याचा समुच्चय या अर्थी संस्कृत शब्द हाताशी आहेच. मराठीच्या घरातच याचा एक साक्षीदार बसला आहे : विदर्भात कोथिंबिरीला 'सांबार' म्हणतात आणि तिची सांबारवडी होते. तेथे कोणी राजा जेवायला आल्याची कथा नाही. शब्द मसाल्याच्या अर्थकुळातला आहे, इतकेच.

पण कथा खोटी ठरली म्हणून ती निरर्थक ठरत नाही. मायभूमीपासून शेकडो मैल दूर, तमिळ प्रदेशात स्थिरावलेल्या एका मराठी समाजाला आपल्या ताटातील चिंचेचे समर्थन हवे होते. दाक्षिणात्य चव स्वीकारूनही आपले मूळ राखल्याचे समाधान हवे होते. कथेने ते दिले. आख्यायिका घटनेचा पुरावा देत नाही. ती गरजेचा पुरावा देते.

बेंगळूरुतील बसवनगुडीची 'कडलेकायि परिषे' ही भुईमुगाची जत्रा याच न्यायाने पाहावी. शेतकऱ्यांचे भुईमुगाचे पीक एक बैल खाऊन टाकी, म्हणून त्याचे मंदिर उभारून पहिले पीक त्याला वाहण्याची प्रथा पडली, असे सांगतात. कार्तिकातील शेवटच्या सोमवारी ही जत्रा आजही भरते. भुईमूग हेही अमेरिकेचेच पीक, पण त्याला स्थानिक दैवत लाभले आहे. मराठी घरातील उपवासाचे ताट याहून वेगळे नाही. शेंगदाणे, बटाटा, रताळे, मिरची आणि ज्यापासून भारतात साबुदाणा होतो तो कंद, सारे सागरापलीकडचे. ते उपवासाला चालतात, आणि या भूमीत हजारो वर्षे पिकलेले तांदूळ व गहू चालत नाहीत.

४

शब्द आणि ग्रंथ या दोन्ही साधनांत एक उणीव आहे. पाककृती लिहून ठेवणारे हात बहुधा राजाश्रयाचे किंवा उच्चवर्णीयांचे होते. ज्यांच्या चुलीवर रोज एकच धान्य शिजे, त्यांना ग्रंथाची गरज नव्हती आणि ग्रंथाला त्यांची. या मौनाला छेद देणारी कृती कन्नडमध्ये सोळाव्या शतकातच निर्माण झाली. धनगर समाजातून आलेल्या कनकदासांच्या 'रामधान्यचरिते' या काव्यात तांदूळ आणि रागी यांचा श्रेष्ठत्वाविषयी वाद होतो. तांदूळ रागीला हीन लेखतो. रागी त्याला श्रीमंतांचा सोबती म्हणून हिणवते. राम दोघांनाही सहा महिने कोठडीत ठेवतो. मुदत संपल्यावर तांदूळ नासलेला आणि रागी टवटवीत निघते; तेव्हा राघवाचे नाव तिला मिळते. कोरड्या प्रदेशातील टिकाऊ धान्याचा गुणधर्म येथे सामाजिक युक्तिवाद झाला आहे.

मराठी संतवाङ्मयात इतके उघड धान्यरूपक सहजासहजी सापडत नाही. पण भुकेचा अनुभव आहे. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळात तुकारामांची पहिली पत्नी अन्नावाचून गेली, हे त्यांच्या चरित्राचे एक मर्मस्थान आहे. भुकेचा हा स्वर पुढे आत्मकथनांत सलगपणे प्रकटला : दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) मध्ये, लक्ष्मण माने यांच्या 'उपरा' (१९८०) मध्ये. कन्नडमध्ये देवनूर महादेव यांची 'ओडलाळ' ही कृती याच पंक्तीची. आणि शाहू पाटोळे यांच्या 'अन्न हे अपूर्णब्रह्म' (२०१५) या ग्रंथाने तर मराठवाड्यातील दलितांच्या चुलीवरच्या पदार्थांची नोंद करून, पंक्तीत म्हटल्या जाणाऱ्या श्लोकातील 'पूर्णब्रह्मा'ला एका अक्षराने प्रश्न विचारला. कमलाबाई ओगले यांच्या 'रुचिरा'ने (१९७०) मध्यमवर्गीय मराठी चव प्रमाणित केली. त्या प्रमाणाच्या बाहेर काय राहिले, हे पाटोळ्यांचा ग्रंथ वाचल्यावर कळते.

बेंगळूरुत या प्रश्नाला आज नवे वळण लागले आहे. संयुक्त राष्ट्रसंघाने २०२३ हे भरडधान्यांचे वर्ष म्हणून पाळल्यानंतर रागीची प्रतिष्ठा अधिकच वाढली. कष्टकऱ्याची रागीमुद्दे महागड्या उपाहारगृहात आरोग्याचे अन्न म्हणून मिळू लागली. रामाने दिलेला न्याय बाजारानेही मान्य केला, असे वरवर दिसते. परंतु धान्याला प्रतिष्ठा मिळणे आणि ते धान्य शतकानुशतके खाणाऱ्याला प्रतिष्ठा मिळणे, या दोन गोष्टी एक नव्हेत.

५

सारांश, अन्नविषयक साधनांचे वाचन तीन प्रश्न विचारून करावे लागते. शब्द कोठून आला, एवढ्यावर न थांबता नव्या घरी त्याचा अर्थ काय झाला? कथा खरी की खोटी, याबरोबरच ती कोणाला का हवी होती? आणि ग्रंथात काय शिजते, यासोबत कोणाची चूल त्यात नाही? ज्ञानदेवांनी विठ्ठलाला 'कानडा' म्हटले तेव्हा त्यांना त्याचे परकेपण सलले नाही. जो समाज आपल्या देवाला शेजाऱ्याच्या भाषेचे विशेषण सहज लावू शकला, त्याला तुपाचे मूळ कन्नड आहे आणि रागी, ज्वारी ही धान्ये फार प्राचीन काळी आफ्रिकेतून आली आहेत, हे मान्य करण्यात कमीपणा वाटण्याचे कारण नाही. पंक्तीत शेजारी कोण बसले आहे याची जाण ठेवणे, आणि पंक्तीबाहेर कोणाला बसवले होते याचा विसर पडू न देणे, एवढी अपेक्षा मात्र अन्नाच्या इतिहासाकडून निश्चित करता येते.